घोड्याची चंदी आणि शिपायाची निष्ठा

बीड जिल्ह्यात गेवराई तालुक्यात, गोदावरीच्या दक्षिण तीरावर राक्षसभुवन आहे. शनीचे ठाणे म्हणून तिथे भाविकांची ये-जा असते. इतिहासाच्या पुस्तकात मात्र या गावाला एकाच दिवसाची जागा मिळाली आहे : १० ऑगस्ट १७६३. निजामअलीची फौज औरंगाबादच्या वाटेवर नदी उतरत होती. काही पलीकडे गेली होती, काही दिवाण विठ्ठल सुंदर याच्याबरोबर अलीकडे राहिली होती. भर पावसाळ्यातली गोदावरी मधे आल्यामुळे एका काठाला दुसऱ्या काठाची मदत होईना. पेशव्यांच्या फौजेने अलीकडे राहिलेल्या फौजेला तसेच गाठले. विठ्ठल सुंदर पडला, आणि शत्रूच्या गराड्यात सापडलेल्या रघुनाथरावांची सुटका त्यांच्या अठरा वर्षांच्या पुतण्याने, माधवराव पेशव्यांनी केली. शाळेत आपण हे ‘मराठे विरुद्ध निजाम’ या मथळ्याखाली शिकतो. मथळा अपुरा आहे. आधीचे नऊ महिने पाहिले तर ही लढाई मराठी दौलतीतल्या एका यादवीतून निघालेली दिसते. आणि यादवीत साध्या शिपायाचे काय होते हे समजून घ्यायला या नदीकाठाइतकी चांगली जागा क्वचितच सापडेल.

ते नऊ महिने असे. पानिपत १७६१ च्या जानेवारीत झाले, जूनमध्ये नानासाहेब पेशवे वारले, आणि सोळा वर्षांच्या माधवरावांना वस्त्रे मिळाली. चुलते रघुनाथराव यांना सत्तेत आपला हात वरचा हवा होता. त्यांनी पुणे सोडले, फौज जमवली, निजामाशी हातमिळवणी केली. १७६२ च्या नोव्हेंबरात घोडनदीवर आणि मग आळेगावला पेशव्याची फौज पेशव्याच्याच चुलत्याच्या फौजेशी लढली, आणि आणखी नाश नको म्हणून माधवराव स्वतः चुलत्याच्या गोटात जाऊन त्यांच्या स्वाधीन झाले. हाती कारभार आल्यावर रघुनाथरावांनी विरोधकांचा सूड घेतला. पटवर्धनांकडून मिरज काढून घेतली, तेव्हा गोपाळराव पटवर्धन निजामाकडे गेले. नागपूरचे जानोजी भोसलेही निजामाच्या बाजूला होते. १७६३ च्या उन्हाळ्यात या जोडफौजेने पुणे लुटले आणि जाळले, तर पेशव्यांच्या फौजेने निजामाचा मुलूख लुटत नेला. पावसाळ्यात जानोजींना बत्तीस लाखांच्या मुलखाचे आश्वासन मिळाले, ते निजामापासून अलग झाले, आणि मग राक्षसभुवन घडले. म्हणजे नऊ महिन्यांत शत्रू मित्र झाला, मित्र शत्रू झाला, आणि काहींच्या बाबतीत हे दोनदा झाले. बीडचा मुलूखही याच गुंत्यात होता. तो निजामाच्या राज्यात, पण तिथली जहागीर ज्यांच्याकडे आली ते सुलतानजी निंबाळकर एकेकाळी शाहू महाराजांचे सरलष्कर होते. निजामाच्या फौजेत मराठी सरदार, मराठी पथके, मराठी कारभारी सर्रास होते. समोरचा शिव्या कोणत्या भाषेत देतो यावरून शत्रू ओळखता येईल अशी ही लढाई नव्हती.

आपल्याकडे या सगळ्याला ‘फितुरी’ म्हणायची सवय आहे. सरदारांपुरता तो शब्द लावायचा तर लावावा. जानोजींनी सौदा केला आणि सौद्याची किंमत कागदावर आहे. पण त्यांच्या पथकातला जो स्वार मे महिन्यात पुण्यात होता आणि ऑगस्टमध्ये पेशव्यांचा शत्रू राहिला नव्हता, त्याला कोणी विचारले होते? माझे म्हणणे असे की अठराव्या शतकातल्या या यादवींत साध्या शिपायाची निष्ठा त्याच्या घोड्याच्या चंदीला, म्हणजे रोजच्या दाण्याला, बांधलेली होती. तो हलका माणूस होता, पैशाला विकला जाणारा होता, असे मला मुळीच म्हणायचे नाही. राज्याने लष्कर उभे करण्याची जी रीत पत्करली होती तिनेच ही गाठ मारली होती, आणि यादवी सुरू झाली की तिचा फास पहिल्यांदा त्याच्याच गळ्याला बसे.

ती रीत थोडी तपशिलात पाहायला हवी. स्वार दोन प्रकारचे. बारगीर सरकारी पागेतल्या घोड्यावर बसे; घोडा, त्याचा दाणावैरणीचा खर्च आणि तो मेला तर होणारे नुकसान सरकारचे. शिलेदार स्वतःचा घोडा, स्वतःचे हत्यार घेऊन येई. सभासदाच्या बखरीत शिवाजी महाराजांच्या पागेची जी रचना आहे तिच्यात पंचवीस बारगिरांमागे एक हवालदार, आणि तेवढ्याच घोड्यांमागे एक पखालजी आणि एक नालबंद नेमलेला दिसतो. माणसाला आणि जनावराला पाणी कोण आणणार, नाल कोण ठोकणार, याची तजवीज लढाईच्या आधी केलेली आहे. पेशवाईत दौलत पसरली तसे शिलेदारांचे प्रमाण वाढले, कारण राज्याला ते उभारणीत स्वस्त पडत. घोड्याचे भांडवल शिपायाच्या घरचे, म्हणजे बहुतेक वेळा सावकाराचे. दसऱ्याला मोहीम निघायच्या सुमारास शिलेदाराला नालबंदी म्हणून आगाऊ रक्कम मिळे. त्यातला बराच भाग जुने देणे फेडण्यात आणि घोडा उभा करण्यात जाई. पुढे वाटखर्चाला रोजमुरा मिळायचा, आणि मुख्य हिशेब मोहीम संपल्यावर. तोही रोख मिळेलच असे नाही; अनेकदा हाती वरात पडे, म्हणजे अमुक गावाच्या वसुलातून अमुक रक्कम घ्यावी असा हुकूम. बीडच्या वाचकाला ही रचना समजावून सांगायची गरज नाही. दसरा-दिवाळीला मुकादमाकडून उचल घ्यायची, कोयता घेऊन कारखान्याच्या फडावर जायचे, आणि पावसाच्या आधी परतताना उचल फिटली की नाही एवढाच हिशेब उरायचा, हे ऊसतोडीचे चक्र इथल्या हजारो घरांना माहीत आहे. शिलेदाराच्या हाती कोयत्याऐवजी भाला होता आणि कर्जाच्या तारणाला चार पाय होते.

त्यामुळे त्याचा दिवस शत्रूपेक्षा घोड्याभोवती अधिक फिरे. मुक्कामावर पोचल्यावर आधी घोड्याच्या अगाडी-पिछाडीची दावी ठोकायची, खोगीर उतरवून पाठ तपासायची; पाठीला जखम झाली तर काही आठवडे तो घोडा निकामी, आणि घोडा निकामी तर स्वार हजिरीतून बाद. मग मोतद्दाराने किंवा स्वतःच खरारा करायचा, टाप उचलून नाल सैल झाला का ते बघायचे, तोबऱ्यात भिजवलेला हरभरा किंवा कुळीथ भरायचा. एवढे झाल्यावर तीन दगडांची चूल मांडायची. भाकरी, मिळाला तर कांदा, नाहीतर मीठ-मिरची. थंडीपावसाला घोंगडी. शत्रू जवळ असेल तर लगाम मनगटाला गुंडाळून घोड्याच्या पायाशीच झोपायचे. दाणा कुठून येई? सरकार तो वाटत नसे. लष्कराबरोबर चालणाऱ्या बाजारातून तो शिपायाने रोख पैशाने घ्यायचा, आणि बाजाराला माल पुरवायचा तो वंजारी-लमाणांच्या तांड्यांनी, बैलांच्या पाठीवर गोण्या लादून. तांडा अडला की धारण चढे. धारण चढली की रोजमुरा पुरेना. आणि रोजमुरा पुरेना की स्वार वैरणीच्या नावाखाली जवळच्या शिवारात शिरे. राक्षसभुवनाच्या वेळी ऑगस्ट होता. छावणी करून थांबायचे, घरी जाऊन पेरणी बघायची ते दिवस, आणि फौजा मात्र मराठवाड्याच्या काळ्या मातीत चालत होत्या. ओल्या काळ्या रानात घोडा रुततो, त्याचा खूर सडतो, तोफेचे गाडे निघत नाहीत, सुकी लाकडे नाहीत म्हणून चूल पेटत नाही. उन्हाळ्यात दोन्ही बाजूंनी मुलूख लुटून घेतलेला, त्यामुळे गावात विकायला दाणाही नाही.

शिवाजी महाराजांना ही साखळी किती नेमकी ठाऊक होती याचा पुरावा चिपळूणजवळच्या छावणीतल्या अधिकाऱ्यांना गेलेल्या त्यांच्या प्रसिद्ध पत्रात आहे. दाणा-वैरण आत्ताच उधळाल तर पावसाळ्यात घोडी मरतील, मग तुम्ही कुणब्याच्या घरचे दाणे, गवत, लाकडे, भाजी आणायला लागाल, आणि लोकांना वाटेल की यापेक्षा मोगल बरे, असा त्या पत्राचा रोख आहे. तेवढ्यावर ते थांबत नाही. रात्री दिवा जळता ठेवला तर उंदीर वात पळवील आणि गवताच्या गंजीला आग लागेल, इथवर सूचना जातात. राजा उंदराच्या तोंडातल्या वातीचा विचार करतो, कारण गंजी जळाली तर घोडी मरणार, आणि घोडी मेली तर शिपाई रयतेला लुटणार, हे त्याला दिसत असते. शिपायाच्या वागणुकीची जबाबदारी हे पत्र पुरवठा करणाऱ्यावर टाकते. मला तरी मराठी लष्करावरचे याहून शहाणे लिखाण माहीत नाही.

आता यादवीत नेमके काय बिघडते? पगार थकणे हा कोणत्याही सैन्याचा जुना रोग आहे, मग यादवीचे वेगळे काय, असा आक्षेप कोणी घेईल. इंग्लंडच्या यादवीत पार्लमेंटची विजयी फौज १६४७ मध्ये थकलेल्या पगारासाठीच आपल्या धन्याविरुद्ध उभी राहिली आणि रेजिमेंटांनी आपले प्रतिनिधी निवडले, हा दाखला तर इतिहासात ठळक आहे. आक्षेप रास्त आहे. पण परक्याशी लढताना शिपायाला निदान एक खजिना आपला आणि एक मुलूख परका असतो. यादवीत दोन्ही बाजू एकाच वसुलावर जगू पाहतात. चुलत्याने दिलेली वरात पुतण्याचा कारभारी मानील का? नोव्हेंबरात माधवरावांकडे नाव लागलेल्या शिलेदाराचा हिशेब डिसेंबरात रघुनाथरावांचा कारभार चुकता करील का? दुसरे असे की लुटीचा मुलूख आपलाच असतो. आणि तिसरी गोष्ट सर्वांत जिव्हारी लागणारी : शिपायाचे घर, वतन, बायकापोरे प्रतिपक्षाच्या हाताच्या टप्प्यात असतात. मिरज गेली तेव्हा गोपाळरावांचे ठाणे गेले. पण पटवर्धनांच्या पथकात त्या भागातले जे शेकडो शिपाई होते त्यांची गावेही त्याच दिवशी विरोधकाच्या अमलाखाली गेली. अशा माणसाने कोणाचा झेंडा धरला तर तो निष्ठावंत ठरला असता?

थकलेला पगार मागण्याचे त्याच्याकडे एकच शांत साधन होते, धरणे. १८०९ मध्ये दौलतराव शिंद्यांच्या छावणीत राहिलेला इंग्रज अधिकारी ब्रॉटन याने त्याचे वर्णन केले आहे : देणेकऱ्याच्या राहुटीपाशी येऊन बसायचे, आणि तडजोड होईपर्यंत बसणाऱ्याने जेवायचे नाही, देणेकऱ्यानेही जेवायचे नाही. परक्याच्या नजरेतला तिरकेपणा त्याच्या लिखाणात आहे आणि तो वजा करूनच वाचायला हवे. तरीही उरते ते महत्त्वाचे आहे. हत्यारबंद माणसे हत्यार न उपसता उपाशी बसत होती, आणि आपल्या सरदारालाही उपाशी ठेवण्याचा त्यांचा हक्क सरदार मानत होता. ही शिस्त मोडते कधी, तर वरच्या लोकांनी तिचा वापर केला की. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला तेव्हा गारदी आत शिरले ते थकलेल्या पगाराची आरोळी ठोकतच. पगार खरोखर थकलेला होता की ती केवळ ढाल होती, यावर इतिहासकारांनी वाद घालावा. पण कटवाल्यांनी नेमकी हीच ढाल निवडली, कारण पुण्यात ती कोणालाही खरी वाटण्यासारखी होती.

आणखी एक आक्षेप पुराव्याचा. साध्या शिपायाने काही लिहून ठेवलेले नाही, मग त्याच्या मनाबद्दल बोलायचा अधिकार कोणाला? अमेरिकेच्या यादवीतल्या (१८६१ ते १८६५) शिपायांची घरी धाडलेली पत्रे ढिगाने उपलब्ध आहेत; राक्षसभुवनाच्या एकाही स्वाराचे पत्र आपल्यापाशी नाही. हे मान्य. पण त्याच्या मनाविषयी मी फारसे बोलतच नाही. त्याच्या परिस्थितीविषयी बोलतो, आणि तिचे कागद भरपूर आहेत. पेशवे दफ्तरातले हिशेब, हजिऱ्या, नालबंदीच्या नोंदी आहेत. वासुदेवशास्त्री खरे यांनी ‘ऐतिहासिक लेखसंग्रहा’त छापलेली पटवर्धनी पत्रे आहेत. राजकारणाच्या बातम्यांइतकाच फौजेच्या गोटातला रोजचा व्यवहार अशा कागदांत भेटतो, आणि तो आपण वाचताना ओलांडून जातो. लढाईची तारीख शोधणारा डोळा दाण्याच्या भावावर थांबत नाही. शिपायाचे चरित्र जर कुठे लिहिलेले असेल तर ते त्या भावांत आहे.

सर्वांत वजनदार आक्षेप शौर्याचा. चंदीवरच सगळे चालत असते तर पानिपतावर उपाशी फौज लढली कशी, आणि राक्षसभुवनाला चिखलात, पावसाळ्यात, वर्षभर एकमेकांशी भांडलेल्या दोन गटांनी एकत्र येऊन विजय मिळवला कसा? याला माझे उत्तर असे की शौर्य आणि चंदी या विरुद्ध गोष्टी मानण्यातच चूक आहे. शिलेदाराला जीव धोक्यात घालणे एका अर्थी सोपे होते. घोडा धोक्यात घालणे अवघड. जीव गेला तर नाव राहील, घोडा गेला आणि आपण उरलो तर कर्ज उरेल, पोट भरण्याचे साधन जाईल, आणि घरच्यांना तोंड दाखवायची पंचाईत. लढाईत पडलेल्या घोड्याची भरपाई करारात असली तरी ती हाती पडेपर्यंत सावकार थांबत नसे. मराठी स्वार समोरासमोरची झुंज टाळतो, रसद तोडतो, लूट पाहून वळतो, अशी जी टीका अनेक परक्यांनी केली तिच्यामागे गनिमी काव्याची अक्कल होती तशी ही मालकीची गोष्टही होती. या कारणासाठीच हुजुरातीला, म्हणजे पेशव्याच्या खास फौजेला, इतके महत्त्व होते : पागेच्या घोड्यावरचा बारगीर आपले भांडवल जपत नव्हता. पानिपतावर तर पर्यायच संपले होते. दाणा संपला, वाट बंद झाली, तेव्हा लढणे हा जगण्याचा शेवटचा मार्ग उरला. त्या दिवशीच्या पराक्रमाला यामुळे कमीपणा येत नाही. उलट कोणत्या अवस्थेतल्या माणसांनी तो केला हे कळल्यावर त्याचे मोल वाढते.

औरंगाबादच्या तहात निजामाने ब्याऐंशी लाखांचा मुलूख दिला. जानोजींना ठरल्याप्रमाणे वाटा मिळाला, आणि त्यातला बराचसा माधवरावांनी पुढच्या काही वर्षांत परत काढून घेतला. पटवर्धनांना मिरज परत मिळाली, आणि ते माधवरावांच्या भरवशाच्या सरदारांत गणले जाऊ लागले. सरदारांचे हिशेब असे जुळले. गोदाकाठच्या ज्या गावांतून त्या वर्षी फौजा गेल्या त्यांचा हिशेब कोणत्याही तहात नाही.

बीड जिल्ह्यातली गोष्ट मात्र इथे संपत नाही, आणि तिचा पुढचा भाग माझ्याच म्हणण्याला अडचणीत आणतो. इंग्रजी अमलात निजामाच्या नावाने आणि निजामाच्या खर्चाने, पण इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखाली हैदराबाद कंटिंजंट नावाची फौज उभी राहिली. तिच्या रिसाल्याची एक मोठी छावणी मोमिनाबादला, म्हणजे अंबाजोगाईला होती. शिलेदारी पद्धत तिथेही चालूच राहिली. रिसाल्यातल्या जागेला असामी म्हणत. ती विकत घेता येई, गहाण ठेवता येई, आणि एकाच्या नावावर दोन-चार असाम्या असल्या तर तो त्यांवर बारगीर बसवी. या फौजेचा खर्च निजामाकडून थकत गेला, आणि १८५३ च्या तहाने ईस्ट इंडिया कंपनीने त्यापोटी वऱ्हाड, धाराशिव आणि रायचूरचा दुआब आपल्या ताब्यात घेतला. शिपायांच्या पगाराने प्रांतांच्या सीमा हलवल्या, याहून ठळक दाखला शोधायला नको. आता पगार वेळेवर होता, चंदीची भ्रांत नव्हती. आणि तरीही १८५७ च्या जूनमध्ये मोमिनाबादहून औरंगाबादेत आलेला पहिला रिसाला अडून बसला : दख्खनच्या बाहेर, दिल्लीच्या बादशहाविरुद्ध लढायला आम्ही जाणार नाही. सेनापती वुडबर्न याची इंग्रजी फौज औरंगाबादेत आली, काही स्वार निसटले, काहींना फाशी आणि तोफेच्या तोंडी दिले गेले.

ज्यांचे पोट भरलेले होते, घोडा शाबूत होता आणि असामीत पैसा गुंतला होता, त्यांनी हे सगळे एका प्रश्नावर पणाला लावले. तेव्हा चंदीने निष्ठा ठरते हे माझे विधान मला आवरते घ्यावे लागते : चंदीची चिंता असेपर्यंत शिपायाला कोणाशी लढायचे हे ठरवण्याची सवडच मिळत नाही, ती मिटली की तो प्रश्न त्याच्यासमोर उभा राहतो. पण उत्तर काय येईल हे चंदी सांगत नाही. त्याच कंटिंजंटचे दुसरे रिसाले, त्याच पगारावर, तशाच असाम्यांवर, १८५८ मध्ये सर ह्यू रोजच्या फौजेबरोबर मध्य हिंदुस्थानात उतरले आणि झाशीची राणी व तात्या टोपे यांच्याविरुद्ध लढले. औरंगाबादच्या स्वारांनी नकार दिला आणि यांनी दिला नाही, तो का, हे नालबंदीच्या आणि हजिरीच्या कागदांतून कळत नाही. त्यासाठी त्या रिसाल्यांतली माणसे कोणत्या गावची, कोणाच्या शेजारी वाढलेली आणि कोणाच्या शब्दावर चालणारी होती, हे बीड, औरंगाबाद आणि हैदराबादच्या दफ्तरांत बसून एकेका असामीगणिक शोधावे लागेल.